आलासीला रागावता येईना

"त्यांना सांग, अजून थोडं रागवायला हवं," ग्रॅहम म्हणाला.

सायमोनीने ते आपल्या भाषेत आईला, आलासीला, सांगितलं. तिने नाक जरासं आक्रसलं, एवढंच.

त्या नाक आक्रसण्याचा अर्थ मला तोवर कळायला लागला होता. भुवया उंचावल्या की ‘हो’, नाक आक्रसलं की ‘नाही’. शाळेत रुजू झाले तेव्हा पहिला आठवडाभर मी एकच गणित शिकवत होते. "समजलं का?" म्हटलं की वर्गातली सगळी मुलं माझ्याकडे बघून नुसत्या भुवया उडवायची. मला वाटायचं, यांना नवल वाटतंय, म्हणजे समजलेलं नाही. की पुन्हा पहिल्यापासून. शेवटी एका मुलाला माझी दया आली. "टीचर," तो म्हणाला, "सोमवारीच समजलं होतं."

तर आलासीने नाक आक्रसलं आणि ग्रॅहमने घड्याळाकडे पाहिलं.

आम्ही समुद्रावर होतो. किनाऱ्यावर नव्हे, समुद्रावरच. पायाखाली माणूसभर जाडीचा बर्फ आणि त्याच्याखाली पाणी. कॅनडाच्या पार उत्तरेला, बॅफिन बेटावरच्या एका लहानशा इनुइट वस्तीत आमचे हे वीजघरात इंजिनिअर होते आणि मी तिथल्या शाळेत शिकवत होते. गडहिंग्लजची मुलगी तिथे कशी पोचली, हे सांगत बसले तर ती दुसरीच गोष्ट होईल. मे महिना होता. सूर्य आभाळात फिरत राहायचा, मावळायचं नावच नाही. वस्तीपासून तासाभराच्या अंतरावर सायमोनीने बर्फाच्या विटांचं घर, इग्लू, बांधलं होतं आणि कॅमेरा आत डोकावू शकेल म्हणून त्याची एक भिंत कापली होती.

मी तिथे असण्याचं कारण इनुकी. इनुकी माझ्या तिसरीच्या वर्गातली, आठ वर्षांची, आलासीची सख्खी नात आणि सायमोनीच्या बहिणीची मुलगी. सिनेमात तिला काम होतं. मुख्याध्यापकांनी परवानगी दिली ती एका अटीवर, की टीचर बरोबर जाईल आणि मधल्या वेळात अभ्यास घेईल. मधला वेळ फारसा मिळाला नाही. मिळाला तेव्हा इनुकीनेच मला स्लेज ओढणाऱ्या कुत्र्यांची नावं पाठ करायला लावली. मग माझे हात रिकामे बघून सायमोनीने माझ्या हातात पाटी दिली. दृश्याचा आकडा खडूने लिहायचा, कॅमेऱ्यासमोर धरायची आणि वरची पट्टी खाडकन आपटायची. आयुष्यभर पाटीशी संबंध आला, पण ती आपटायचा पगार तेव्हाच मिळाला.

सायमोनी तेव्हा पस्तिशीचा असेल. नट होता. दक्षिणेकडचे लोक उत्तरेत सिनेमे काढायला यायचे, तेव्हा त्यांना थंडीत कुडकुडणारा, न बोलणारा, हसरा एस्किमो लागायचा. ती कामं सायमोनीने भरपूर केली होती. एका सिनेमात तो बर्फ फुटून बुडून मरतो. तो सिनेमा शाळेच्या व्यायामशाळेत दाखवला तेव्हा सगळी वस्ती पोट धरून हसली होती. ज्या रंगाच्या बर्फावर पाय ठेवू नये हे तीन वर्षांच्या पोराला कळतं, त्यावर हा पट्टीचा शिकारी धावत जाऊन उभा राहतो! पुढे कित्येक वर्षं दुकानात, चर्चमध्ये, कुठेही सायमोनी दिसला की पोरं ओरडायची, "सायमोनी, जपून! खाली बर्फ आहे!"

"त्या दिवशी ठरवलं," तो मला एकदा म्हणाला होता, "की आता मीच लिहीन. आपल्या भाषेत. आणि मरायचंच झालं तर अक्कल वापरून मरेन."

लिहायला त्याला सहा-सात वर्षं लागली. मधली दोन वर्षं तो दक्षिणेत सिनेमा शिकून आला. आता गोष्ट तयार होती, कॅमेऱ्यावर त्याचा चुलतभाऊ लेवाय होता, आणि टोरंटोहून ग्रॅहम नावाचा निर्माता आला होता. ग्रॅहम भला माणूस. नाक सतत लाल, बोलणं मऊ, आणि प्रत्येक वाक्याच्या आधी "माफ करा". पण त्याच्याही हातात सगळं नव्हतं. पैसे देणाऱ्या मंडळाला त्याने सांगून ठेवलं होतं, की सिनेमातला मुख्य प्रसंग आधी चित्रित करून दाखवतो, तो बघा आणि मग ठरवा. विमान दुसऱ्या दिवशी सकाळचं होतं. कॅमेरा भाड्याचा, तोही त्याच विमानाने परत जायचा. आणि सगळ्यात मोठी अडचण डोक्यावर होती. मेच्या उन्हात इग्लूचं छत बसायला लागलं होतं. सकाळी लेवाय आत ताठ उभा राहू शकत होता, दुपारी त्याला मान वाकवावी लागत होती.

म्हणजे तो प्रसंग त्या दिवशी व्हायला हवा होता. नाहीतर सायमोनीचा सिनेमा होणार नव्हता.

प्रसंग साधा. तीनशे वर्षांपूर्वीचा काळ. बाप शिकारीला गेलाय. बाप म्हणजे सायमोनी. इग्लूत आजी आणि नात. मध्ये दगडाचा दिवा, अर्ध्या भाकरीच्या आकाराचा. त्यात सीलच्या चरबीचं तेल, कडेने शेवाळाची वात, आणि भाकरीच्या सरळ कडेला ज्योतींची ओळ. त्या दिव्यावर घर ऊबदार राहायचं, मांस शिजायचं, ओले बूट वाळायचे. आपण समईची काजळी झाडतो, तशी ती वात लहान काडीने सतत सारखी करत राहावी लागते. आजी पाण्यासाठी बर्फ आणायला बाहेर जाते आणि नातीला दिव्याकडे बघायला सांगते. नातीला झोप लागते. दिवा विझतो. आजी परत येते, नातीला खूप रागावते, नात रुसून बर्फावर निघून जाते. पुढे तिला जे काय भेटतं, तोच सगळा सिनेमा. ती गेली नाही तर पुढे गोष्टच नाही.

आणि आलासीला काही केल्या रागावता येत नव्हतं.

पहिल्यांदा ती आत आली, विझलेला दिवा पाहिला, झोपलेल्या इनुकीकडे पाहिलं आणि तिच्या अंगावरचं कातड्याचं पांघरूण गळ्यापर्यंत ओढून दिलं.

"कट," ग्रॅहम म्हणाला. "माफ करा. फार सुंदर होतं. पण रागवायचंय."

दुसऱ्यांदा ती रागावली, पण दिव्यावर. हा दिवा मुळातच वाईट, याचा दगड वाईट, हा ज्याने कोरला त्याला कामधंदा नव्हता, असं बरंच बोलली. तिसऱ्यांदा तिने भिंतीच्या कापलेल्या भागातून सरळ सायमोनीकडे बोट केलं. "आणि तू! दाराला बर्फ नीट लावला असतास तर वारा आत आला असता का?"

"आई, मी शिकारीला गेलोय," सायमोनी म्हणाला. "मी इथे नाहीये."

"इथे नव्हतास म्हणूनच सांगतेय!"

चौथ्यांदा तिने खिशातून बिस्कीट काढून इनुकीच्या हातात दिलं.

"तीनशे वर्षांपूर्वी बिस्कीट?" ग्रॅहमने कपाळाला हात लावला. इनुकी डोळे मिटून झोपल्याचं सोंग करत होती, पण हसू दाबताना तिचे खांदे हलत होते. हलता हलता तिने बिस्कीट खाऊनही टाकलं.

छतावरून एक थेंब पाटीवर पडला. खडूचा आकडा ओघळला.

"मिसेस हेर्लेकर," ग्रॅहम माझ्याकडे वळला, "तुम्ही शिक्षिका. तुम्ही जरा रागावून दाखवा ना. म्हणजे त्यांना अंदाज येईल."

"मी वर्गात ओरडत नाही," मी म्हटलं.

"कधीच नाही?"

"नवीन असताना एकदा ओरडले होते. मुलं उठून घरी गेली."

"सगळी?"

"सगळी. दुसऱ्या दिवशी परत आली. एका मुलीच्या आईने सूप पाठवलं होतं. त्यांना वाटलं, टीचरची तब्येत बिघडलीय."

ग्रॅहमला हसू आलं, पण वेळ नव्हता. शेवटी तोच उठला. वाकून इग्लूत शिरला, छताला डोकं आपटलं, माफ करा म्हणाला, ते बहुतेक छताला, आणि इनुकीच्या पुढ्यात उभा राहून एकदम गरजला. "आळशी पोरी! एवढंसं काम सांगितलं, तेही होत नाही? लाज नाही वाटत?"

एवढ्या मऊ माणसाच्या छातीत इतका मोठा आवाज असेल असं कोणाला वाटलं नव्हतं. बाहेरची कुत्रीसुद्धा गप्प झाली. इनुकी उठून बसली. रडली नाही. पण तिच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं आणि तिने आजीकडे पाहिलं.

आलासीने हातातली काडी दिव्याच्या कडेवर ठेवली. इनुकीच्या डोक्यावर हात ठेवला, हळूच काहीतरी म्हणाली. त्यातला "आताता" एवढा शब्द मला ओळखू आला. मग ती रांगत दारातून बाहेर पडली, बर्फ तुडवत गेली आणि स्लेजवर आमच्याकडे पाठ करून बसली.

"मी काय केलं?" ग्रॅहम घाबरून म्हणाला. "मी फक्त दाखवत होतो."

सायमोनीचा चेहरा उतरला होता.

"तू माझ्या आजोबांवर ओरडलास," तो म्हणाला.

"कोणावर?"

सायमोनीने इनुकीकडे हनुवटी केली. इनुकी बिस्किटाचा चुरा वेचत होती.

मग त्याने सांगितलं. आलासीच्या वडिलांचं नाव इनुकी. ते गेले त्यानंतरच्या वसंतात ही मुलगी जन्मली आणि त्यांचं नाव हिला दिलं. त्यांच्यात नाव देताना मुलगा-मुलगी बघत नाहीत. नाव आलं की नावामागचा माणूस येतो. आताता म्हणजे बाप. म्हणून आलासी हिला आताता म्हणते, सायमोनी हिला आजोबा म्हणतो. म्हातारबुवांना कच्चं मांस आवडायचं, म्हणून पहिला तुकडा हिला. त्यांना गुडघेदुखी होती, म्हणून हिला कोणी फार चालवत नाही, आणि ही लबाड त्याचा पुरेपूर फायदा घेते.

मी ते "आताता" तीन वर्षं ऐकत होते. मला वाटायचं, लाडाने म्हणत असेल. आपण नाही का पोरांना म्हणत, "ये रे माझ्या बाबा", "ऐक गं माझे आई"? मी त्यातलंच समजले होते.

"पण सायमोनी," ग्रॅहम म्हणाला, "हा प्रसंग तूच लिहिलास!"

"लिहिला तेव्हा मुलगी दुसरी होती. तिला कांजण्या झाल्या. इनुकीला सगळी वाक्यं पाठ होती म्हणून घेतलं. मला वाटलं, सिनेमा आहे. आईलाही वाटेल, सिनेमा आहे."

"मग तिसरी मुलगी आणू. आत्ता. लेवायची मुलगी आहे ना?"

"ती सायमोनीच्या आईची सासू आहे," लेवाय कॅमेऱ्यामागून म्हणाला.

"ती लाल टोपीवाली मुलगी?"

"ती आईचा मोठा भाऊ," सायमोनी म्हणाला.

ग्रॅहम खोक्यावर बसला. "तुमच्या वस्तीत असं कोणीच नाही का, की जे कोणाचंच कोणी नाही?"

"आहे की," सायमोनी म्हणाला. "तू."

तेव्हा सगळेच हसलो, ग्रॅहमही. छत टपटपत होतं. मग ग्रॅहमला एक युक्ती सुचली. इनुकीला बाजूला करायचं, आलासीने नुसत्या भिंतीकडे बघून रागवायचं, इनुकीचा चेहरा वेगळा टिपायचा आणि टोरंटोत दोन्ही तुकडे जोडायचे. सिनेमात असं सर्रास करतात. सायमोनीने दोन्ही हातांनी तोंड चोळलं. सहा-सात वर्षं त्याने ज्याची वाट पाहिली ते टपटप गळत होतं. तो उठून आईकडे निघाला. मी चहाचा थर्मास घेऊन त्याच्यामागे गेले, कारण तापलेल्या डोक्याजवळ चहा असलेला बरा.

त्यांचं बोलणं मला बरंचसं समजलं. राहिलेलं सायमोनीने नंतर सांगितलं.

"आई, इनुकी समोर नसेल," तो म्हणाला. "भिंतीला रागव. मी नंतर जोडीन."

"बघणाऱ्याला कोण दिसेल?"

"...इनुकी."

"मग मी कोणावर रागावले?"

सायमोनीने बुटाच्या टोकाने बर्फ उकरला.

"तो फोटो हलत राहणार," आलासी म्हणाली. "मी मेल्यावरही हलणार. तू मशीन लावायचंस आणि मी बापावर ओरडायचं. पुन्हा लावायचंस, पुन्हा ओरडायचं. माझ्या बापाने मला उभ्या जन्मात एका शब्दाने दुखवलं नाही."

"पण गोष्टच तशी आहे! तूच सांगितलीस मला. लहानपणी, किती वेळा."

"मी सांगितली त्या गोष्टीत कोणी ओरडत नव्हतं."

"दिवा विझला..."

"दिवा विझला आणि मुलगी निघून गेली. एवढंच मी सांगितलं. ओरडणं तू घातलंस."

"मग ती गेली कशाला?"

"मला काय ठाऊक? मी होते का तिथे?"

सायमोनी हळूहळू स्लेजच्या कडेवर बसला. "तिकडे शिकवतात," तो माझ्याकडे बघून इंग्रजीत म्हणाला, "की प्रत्येक प्रसंगात भांडण पाहिजे. नाहीतर लोक उठून जातात."

मी चहा ओतला. त्यांच्या भाषेत शिक्षकाला इलिसाइजी म्हणतात. त्यातला शेवटचा ‘जी’ मला फार मानाचा वाटायचा, तो तसा नसला तरी. "इलिसाइजी," आलासी मला म्हणाली, "तुमच्याकडे मुलांवर ओरडतात?"

"ओरडतात," मी खरं ते सांगितलं. "पण माझ्या मुलीवर मला कधी ओरडता आलं नाही."

"का?"

"तिला माझ्या सासूचं नाव ठेवलं. द्वारका. सुनेने सासूचं नाव तोंडाने घ्यायचं नसतं. मग ओरडणार कशी? ए द्वारके, म्हणून? मी तिला छबी म्हणते."

"सासू जवळ असायची?"

"वारली होती."

"मग कोणाची भीती?"

"भीती कोणाची नाही. जीभच वळत नव्हती."

आलासीने भुवया उंचावल्या. पार टोपीपर्यंत. "मग तुझ्या सासूने दूध सांडलं की तू काय करायचीस?"

मला हसू आलं. छबी तेव्हा कॉलेजात होती. ती माझी सासू आहे असं मी कधी मनात आणलं नव्हतं, पण तशी वागत मात्र होते. "म्हणायचे, ‘असू द्या, सासूबाई, मी पुसते.’ की ती धावत जाऊन स्वतःच फडकं आणायची."

आलासी इतकी हसली की चहा तिच्या हातमोज्यावर सांडला. तिला माझ्या बोलण्यातून काही सुचलं असं मी म्हणणार नाही. ती बहुतेक चहा संपायची वाट बघत होती. कप पालथा करून तिने झटकला, मला परत दिला आणि इग्लूकडे चालू लागली.

"आई, काय करणारेस?" सायमोनीने विचारलं.

"बर्फ घेऊन आत येते," ती म्हणाली. "तू सांगितलंस तसं. पुढचं पुढे."

लेवायने कॅमेरा सुरू केला. मी पाटी आपटली आणि भिंतीच्या आडोशाला बसले. सायमोनीला शेवटी आत यायचं होतं, म्हणून तो दाराच्या बुटक्या, बर्फाच्या बोगद्यात पालथा पडून राहिला. छत आता एवढं खाली आलं होतं की ग्रॅहम दोन्ही हातांनी ते वर धरल्यासारखा उभा होता.

इनुकी झोपली. दिवा विझला. आलासी बर्फाची वीट घेऊन रांगत आत आली, थांबली. अंधारलेल्या दिव्याकडे बघितलं. वीट खाली ठेवली. मग ती नातीच्या उशाशी, जमिनीवर, तिच्यापेक्षा खालच्या जागी बसली आणि अगदी हळू बोलायला लागली.

"आताता, तुम्ही दमलात."

त्यांच्या भाषेत तू आणि तुम्ही असा भेद नाही. पण मला ते "तुम्ही"च ऐकू आलं.

"मी सात वर्षांची होते तेव्हा माझ्याकडून दिवा विझला होता. आठवतं तुम्हाला? तुमचे बूट ओले होते. तुम्ही काहीच बोलला नाहीत. तसेच ओले बूट घालून शिकारीला गेलात. तुमच्या पायाचं ते बोट त्याच दिवशी गेलं, ते मला मोठी झाल्यावर कळलं. तुम्ही झोपा, आताता. दिवा मी बघते."

असं लिहिलेलं काहीच नव्हतं. बोगद्यात सायमोनीचा श्वास ऐकू येत होता.

इनुकीने डोळे उघडले. पुढे काय करायचं हे तिला कोणी सांगितलेलं नव्हतं. तिला एवढंच ठाऊक होतं, की गोष्टीत या ठिकाणी मुलगी बाहेर जाते. ती उठून बसली. विझलेल्या दिव्यात बोट बुडवून तिने तेल किती उरलंय ते पाहिलं. मग आजीच्या गालावरून हात फिरवला, अगदी म्हाताऱ्या माणसासारखा, आणि म्हणाली,

"तू बस, पोरी. तेल मी आणतो."

तिने टोपी ओढली, गुडघ्यावर हात टेकून एकदा कण्हली आणि रांगत बाहेर निघून गेली. बोगद्यात ती सायमोनीच्या पाठीवरूनच गेली असणार, कारण त्याचा एक हुंकार आला. कॅमेऱ्याला तो ऐकू गेला नाही.

आता सायमोनीची पाळी. तो आत आला. त्याचं लिहिलेलं वाक्य होतं, "तू तिच्यावर का ओरडलीस?" ते आता कुठे बसणार? खांद्यावर बर्फ, भिजलेल्या पापण्या. त्याने रिकाम्या अंथरुणाकडे पाहिलं, मग आईकडे. मग त्याने विचारलं,

"आजोबा कुठे गेले?"

"तेल आणायला," आलासी म्हणाली आणि काडी घेऊन वात सारखी करायला लागली.

कट म्हणायचं कोणालाच सुचलं नाही. लेवाय कॅमेरा चालवतच राहिला. शेवटी छतानेच निर्णय घेतला. एक मोठा ढिगारा धप्पकन ग्रॅहमच्या डोक्यावर पडला आणि आतून आवाज आला, "माफ करा!"

बाहेर इनुकी कुत्र्यांजवळ उभी होती. "मी चुकले का?" तिने मला विचारलं. "पण रुसून कशी जाऊ? ती मला काही बोललीच नाही."

मंडळाच्या लोकांनी तो तुकडा पाहिला आणि पैसे दिले. फक्त त्यांची एक सूचना होती. म्हातारी त्या पोरीला बाप म्हणते, हे खाली लिहिलेल्या इंग्रजी ओळींत कोणाला कळणार नाही, तिथे "बाळ" लिहावं. सायमोनीने फोनवर नाही म्हटलं. नाकही आक्रसलं, पण ते टोरंटोत कसं दिसणार? मग सुरुवातीला एक खुलासा तरी टाका, म्हणाले. तोही त्याने टाकला नाही. "माझ्या सिनेमात आम्ही आमच्याशी बोलतो," तो म्हणाला. "शेजारी बसून ऐकायला कोणालाही मनाई नाही."

त्यानंतर सायमोनीने आणखी सिनेमे लिहिले, आणखी कामं केली, आणि त्याच्याकडे शिकलेली पोरं आता स्वतःचे सिनेमे काढतात. कोणाला कुठलं काम द्यायचं हे ठरवताना ती अजून आधी विचारतात, "तुझं नाव कोणाचं?"

पहिला सिनेमा पुढल्या वर्षी टोरंटोत दाखवला. इनुकीच्या सोबतीला म्हणून मीही गेले. मोठं थिएटर, मऊ खुर्च्या, कोट घातलेले लोक. मी सायमोनीच्या शेजारी बसले होते. दिव्याचा प्रसंग आला तेव्हा त्याने खुर्चीचे हात घट्ट धरले. कोणी उठून जातं का, ते तो बघत होता. कोणी उठलं नाही. पण आमच्या मागच्या रांगेत कुजबुज मात्र झाली. बाप? कोणाचा बाप?

दिवे लागले, टाळ्या झाल्या, आणि सायमोनी, आलासी आणि इनुकी मंचावर जाऊन बसले. इनुकीचे पाय जमिनीला पोचत नव्हते. एक चष्मेवाले गृहस्थ उठले. फार आवडला सिनेमा, म्हणाले. पण एक शंका आहे. ती आजी त्या लहान मुलीला "बाबा" का म्हणते? हे काही प्रतीक आहे का?

सायमोनीने माइक तोंडाशी नेला. मग काय वाटलं कोण जाणे, त्याने तो बाजूला बसलेल्या इनुकीच्या हातात दिला.

इनुकीने त्या गृहस्थांकडे नीट पाहिलं. ते खरंच विचारताहेत अशी तिची खात्री झाली. मग, वर्गातल्या मागे पडलेल्या मुलाला समजावून सांगावं तशी, अगदी शांतपणे ती म्हणाली,

"मी तिचा बाप आहे म्हणून."

शेजारी आलासीने भुवया उंचावल्या.